माणसं नसलेला जिल्हा, देश नसलेला माणूस

रस्त्याकडेच्या हिरव्या पाटीवरचं नाव मी मोठ्यांदा वाचलं, "कोसुथ काउंटी." गाडी चालवणारी भाची म्हणाली, "मामा, इथले लोक कसूथ म्हणतात. सू लांबवायचा आणि थ म्हणताना जीभ दातांत." मी म्हटलं, थांब. थांब म्हणजे गाडी थांबव! तिने आरशात पाहिलं, मक्याने भरलेला ट्रक पुढे जाऊ दिला, गाडी कडेला घेतली. मी खाली उतरून त्या पाटीकडे बघत राहिलो. परक्या गावच्या एसटी स्टँडवर शाळेतला बाकसोबती दिसावा, तसं काहीतरी झालं होतं.

कारण या माणसाला मी ओळखत होतो! म्हणजे तशी जुजबीच ओळख. एम.ए.ला युरोपचा इतिहास होता, त्यात 1848 चं क्रांतिवर्ष होतं, आणि प्रश्नपत्रिकेत शेवटी ठरलेलं असायचं : टीपा लिहा, प्रत्येकी पाच गुण. मॅझिनी, मेटरनिख, कोसुथ. मॅझिनी आपल्या घरचाच, सावरकरांनी 1907 मध्ये मराठीत आणलेला आणि इंग्रज सरकारने जप्त केलेला. कोसुथ मात्र पाच गुणांपुरता. हंगेरीचा पुढारी, ऑस्ट्रियाविरुद्ध लढला, रशियाने येऊन बंड मोडलं, परागंदा झाला. झालं, पाच गुण. आणि तो इथे, आयोवात, मका आणि सोयाबीनच्या मधोमध, हिरव्या पाटीवर काय करतोय?

आम्ही निघालो होतो एम्सहून, एका शेतकऱ्याच्या रानातल्या मातीचे नमुने घ्यायला. भाची मृदाशास्त्रात संशोधन करते, तिला अल्गोनाजवळ काम होतं, आणि मला दिवसभर घरी बसवत नव्हतं. ऑक्टोबरचा दुसरा आठवडा, मक्याची काढणी ऐन भरात, रस्त्याच्या दोन्ही बाजूंना कम्बाइन यंत्रं धुरळा उडवत चाललेली. गावाच्या आधी दिसते ती गावातली धान्याची कोठारं, पांढरी, उंच, तीन-तीन मैलांवरून. बाकी सपाट. किती सपाट, ते पुढे सांगतो, कारण त्याचीही एक गोष्ट आहे आणि ती ऐकून मी पुन्हा गाडी थांबवायला लावली होती.

नमुने घ्यायला भाचीला तीन तास लागणार होते. मी अल्गोनाच्या ग्रंथालयात जाऊन बसलो आणि मग जे सुरू झालं ते रात्री दोन वाजेपर्यंत थांबलंच नाही.

पहिला धक्का तारखेचा. आयोवा राज्य झालं 1846 च्या डिसेंबरात. राज्याचा उत्तर-पश्चिम भाग तेव्हा गोऱ्या वसाहतीच्या दृष्टीने कोरा कागद होता. विधिमंडळाने 15 जानेवारी 1851 रोजी एका फटक्यात नकाशावर रेघा मारल्या आणि पन्नासेक काउंट्या आखून टाकल्या. चौकोनच चौकोन, वहीच्या कागदासारखे. त्यातल्या एकाला नाव दिलं कोसुथ. आता बघा. 15 जानेवारी 1851 ला लायोश कोशूत (हंगेरियन लोक असं म्हणतात, शेवटी साधा त) कुठे होता? अनातोलियातल्या कुताह्या गावी, तुर्की सुलतानाचा नजरकैदी! ऑगस्ट 1849 मध्ये हंगेरियन फौजेने विलागोशला रशियनांपुढे शस्त्रं खाली ठेवली आणि त्याच सुमाराला हा सरहद्द ओलांडून ऑटोमन मुलखात गेला. ऑस्ट्रिया आणि रशिया दोघांनीही सुलतानाला दरडावलं की माणसं आमच्या स्वाधीन कर, आणि सुलतान अब्दुलमजीदने चक्क नाही म्हटलं.

आणि काउंटीत कोण होतं? कोणी नाही. अल्गोनाचे पहिले वसाहतकार समजले जाणारे कॉल बंधू, अँब्रोज आणि एसा, इथे आले 1854 मध्ये, नाव पडल्यावर तीन वर्षांनी. तेव्हा 1851 च्या जानेवारीत स्थिती अशी, की एका बाजूला कोर्ट नाही, कचेरी नाही, रस्ता नाही, करदाता नाही असा जिल्हा, आणि दुसऱ्या बाजूला देश नसलेला माणूस. कागदावरच्या रिकाम्या चौकोनाला आयोवातल्या कुठल्याशा सभागृहात या माणसाचं नाव चिकटवलं गेलं, आणि त्याला बहुधा त्याचा पत्ताही नव्हता.

त्याच वर्षीच्या सप्टेंबरात ऑस्ट्रियन सरकारने पेश्त शहरात परागंदा पुढाऱ्यांना गैरहजेरीत फाशी दिली. माणसं हाताशी नाहीत, तर त्यांची नावं लिहून ती फळी वधस्तंभाला ठोकली. त्यात कोशूतचं नाव होतं. म्हणजे एकाच वर्षी हे नाव एका खंडात फासावर चढलं आणि दुसऱ्या खंडात नकाशावर! ग्रंथालयात शेजारी म्हातारे गृहस्थ पेपर वाचत होते म्हणून, नाहीतर मी टेबलावर हात आपटला असता.

'कोणी नाही' म्हटलं, पण ते खोटं आहे, आणि हे मला तासाभराने उमगलं. उत्तर आयोवाची ही भूमी डाकोटा या मूळनिवासी लोकांच्या वावरातली. इथल्या त्यांच्या उरलेल्या जमिनीचे करार त्यांच्याकडून करून घेतले गेले ते 1851 च्या उन्हाळ्यात, ट्रॅव्हर्स द सू आणि मेंडोटा इथे. उन्हाळ्यात! काउंटीचं नाव जानेवारीत. बारसं आधी आणि खरेदीखत मागाहून. ऑस्ट्रियाने हंगेरियनांची भूमी दाबली म्हणून हळहळणारे लोक, डाकोटांची भूमी हातात यायच्या आतच तिला हंगेरियनाचं नाव देऊन मोकळे. पुढे 1857 च्या मार्चमध्ये इन्कपादुता या डाकोटा पुढाऱ्याच्या टोळीने इथून पश्चिमेला स्पिरिट लेकच्या तळ्यांकाठी वसाहतकारांवर हल्ला चढवला, तीसहून अधिक माणसं मारली गेली. 1857 हा आकडा दिसला की आपली मान आपोआप वर होते. मीरतला ठिणगी पडायला तेव्हा दोन महिने होते. दोन्ही गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही, हे मला माहीत आहे. तरी मी तो आकडा दोनदा अधोरेखित केला.

मग मी नकाशा उलगडला आणि खरी चंगळ सुरू झाली. कोसुथच्या वायव्येला एमेट काउंटी. पश्चिमेला पालो आल्टो, तिच्यापलीकडे एक काउंटी सोडून ओब्रायन. पूर्वेकडे दोन घरं टाकून मिचेल. ही नावं आयरिश आहेत! रॉबर्ट एमेट, 1803 मध्ये डब्लिनला फाशी गेलेला, वय पंचवीस. विल्यम स्मिथ ओब्रायन आणि जॉन मिचेल, 1848 चे, इंग्रजांनी काळ्या पाण्यावर धाडलेले. आपल्याला अंदमान, त्यांना व्हॅन डिमेन्स लँड, म्हणजे आजचं टास्मानिया. पालो आल्टो, ब्युएना विस्टा, सेरो गोर्डो या ताज्या मेक्सिकन युद्धातल्या लढाया. म्हणजे 1851 च्या आयोवाच्या आमदारांनी त्या वर्षांतलं वर्तमानपत्र समोर ठेवलं असावं आणि मथळ्यांतली नावं उचलून चौकोनांत भरली असावीत. माझा तर्क आहे हा, पण नकाशा बघा आणि मला खोटं पाडा. मक्याच्या रानाचा अख्खा पट्टा साम्राज्यांशी झुंजलेल्या, त्यातही हरलेल्या माणसांच्या नावाने आहे. जिंकलेल्यांची नावं देणारे पुष्कळ. हरलेल्यांची नावं, तीही ताजी हार झालेल्यांची, एका ओळीत देणारं राज्य मला तरी दुसरं ठाऊक नाही.

एमेटची गंमत ऐका. फाशीच्या आदल्या दिवशी कोर्टात त्याने सांगितलं होतं की माझा देश स्वतंत्र देशांच्या पंगतीला बसेपर्यंत माझ्या थडग्यावर कोणी काही कोरू नका. आयर्लंडने ते बरंच पाळलं, आयोवाने मात्र अख्ख्या काउंटीवर त्याचं नाव कोरून ठेवलं. बरं, त्याच्या नावाचं एमेट्सबर्ग हे गाव तरी एमेट काउंटीत असावं की नाही? नाही! ते शेजारच्या पालो आल्टो काउंटीत. आयरिश कुटुंबं येऊन राहिली तिथे, काउंटीची रेघ त्यांना विचारून मारलेली नव्हती. ओब्रायन काउंटीचं मुख्य गाव प्रिमघार. ऐकायला फारसी वाटतं, पण ती आठ जणांची आद्याक्षरं आहेत, गाव आखणाऱ्या आठ जणांची. आणि वायव्येच्या पार कोपऱ्यात होती बंकम काउंटी, जिच्या नॉर्थ कॅरोलायनातल्या थोरल्या बहिणीमुळे इंग्रजीत पोकळ बडबडीला बंकम म्हणू लागले. लोकांना लाज वाटली असावी, 1862 मध्ये तिचं नाव बदलून लायन केलं.

मिचेलचं मात्र पोटात दुखतं. हा टास्मानियातून 1853 मध्ये निसटून अमेरिकेत आला, न्यूयॉर्कात वर्तमानपत्र काढलं आणि त्यात गुलामगिरीचं समर्थन करू लागला! नुसतं समर्थन नाही, हिरिरीने. स्वतः बेड्या भोगलेला माणूस. पुढे यादवी युद्धात त्याचे दोन मुलगे दक्षिणेच्या बाजूने लढताना मेले. आणि मिचेल काउंटी ज्या आयोवात आहे, त्या आयोवातून सत्तर हजारांवर माणसं उत्तरेच्या बाजूने गेली होती. आपण ज्याचं नाव लावलं तो माणूस नंतर कुठल्या बाजूला जाईल याची हमी कोण देणार?

कोशूतच्या बाबतीतही सगळं गोड नाही, ते येतंच. आधी त्याची थोरवी, कारण पाच गुणांच्या टिपेत मला ती कोणी सांगितली नव्हती. तो मुळात वकील, आणि त्याहून पत्रकार. 1832 ते 1836 दरम्यान हंगेरीच्या विधिमंडळाचे वृत्तांत छापायला बंदी होती. याने काय करावं? हाताने लिहून काढले! तरुण पोरं बसवली, ती नकला करत, आणि त्या हस्तलिखित नकला पत्रांच्या वेषात गावोगाव जात. 1837 मध्ये सरकारने उचललं आणि तुरुंगात टाकलं. तुरुंगात त्याने शेक्सपिअर आणि बायबल घेऊन इंग्रजी शिकून घेतलं. पुढे त्याच इंग्रजीत त्याने इंग्लंड-अमेरिकेत सभा गाजवल्या, आणि ऐकणारे म्हणत की हा जुन्या काळातलं बोलतो. बोलणारच, त्याचे मास्तर सोळाव्या-सतराव्या शतकातले होते!

एप्रिल 1849 मध्ये डेब्रेत्सेनच्या मोठ्या चर्चमध्ये त्याने हॅब्सबर्गांना पदच्युत जाहीर केलं आणि स्वतः हंगेरीचा राज्यपाल-अध्यक्ष झाला. चार महिने! पळताना राजमुकुट पेटीत घालून ओर्शोवाजवळ जमिनीत पुरला गेला. ऑस्ट्रियाला तो चार वर्षांनी सापडला. (हाच मुकुट दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकेच्या हाती लागला, फोर्ट नॉक्समध्ये सोन्याशेजारी राहिला आणि 1978 मध्ये परत गेला. पण यात शिरलो तर बाहेर येणार नाही, सोडतो.)

अमेरिकेने त्याला आणायला आपली लढाऊ नौका पाठवली, मिसिसिपी. दोनच वर्षांनी कमोडोर पेरी जपानच्या दारात जाऊन उभा राहिला तेव्हा त्याच्या ताफ्यात हीच नौका होती. 5 डिसेंबर 1851 ला कोशूत न्यूयॉर्कला उतरला आणि देश वेडा झाला. मिरवणुका, मेजवान्या, तोफा. त्याच्यासारखी पीस खोवलेली मऊ टोपी दुकानातून खपू लागली, कोसुथ हॅट. इलिनॉयमध्ये स्प्रिंगफिल्डच्या सभेत त्याच्या पाठिंब्याचे ठराव तयार करणाऱ्यांत एक वकील होता, अब्राहम लिंकन. काँकर्डमध्ये त्याचं स्वागत इमर्सनने केलं. सात महिने हे चाललं. पण त्याला टाळ्या नको होत्या, त्याला अमेरिकेचा हात हवा होता, रशियाला रोखणारा. तो मिळाला नाही. आणि गुलामगिरीबद्दल तो बोलला नाही. दक्षिणेला दुखवायचं नव्हतं, पैसे गोळा करायचे होते, पाहुण्याने घरातल्या भांडणात पडू नये असं त्याचं म्हणणं. गुलामगिरी-विरोधकांना ते लागलं, त्यांच्यातल्या गॅरिसनने त्याच्यावर झोड उठवली. मलाही लागलं. तुरुंगात इंग्रजी शिकलेल्या माणसाने ते एक वाक्य न बोलावं? घरी हंगेरीतही स्लोव्हाक, सर्ब, रुमेनियन यांच्या मागण्या त्याने कानाआड केल्या होत्या, हे जोडून वाचलं की उत्साह थोडा खाली बसतो. बसू दे. पुतळे करण्याचं काम माझं नाही.

1852 च्या जुलैमध्ये तो अमेरिकेतून निघाला तेव्हा गाजावाजा नव्हता. बोटीवर त्याने नाव लावलं होतं अलेक्झांडर स्मिथ! ज्याच्या नावाची काउंटी, तो जाताना स्वतःचं नाव लपवून गेला. त्या सात महिन्यांत तो सेंट लुइसपर्यंत आला होता, आयोवा तिथून हाकेच्या अंतरावर, पण इकडे फिरकला नाही. आणि खरे हंगेरियन आयोवात होते की! लास्लो उयहाझी नावाच्या त्याच्या साथीदाराने 1850 मध्येच डिकेटर काउंटीत, राज्याच्या पार दक्षिण टोकाला, न्यू बुडा नावाची वसाहत टाकली होती. म्हणजे हंगेरियन माणसं दक्षिणेला, हंगेरियन नाव उत्तरेला, आणि मधे अख्खं आयोवा. उयहाझीही तीन वर्षांत टेक्ससला निघून गेला. कोशूत पुढे लंडनला राहिला, मॅझिनीच्या सोबतीने खलबतं केली, मग इटलीत गेला आणि 1894 मध्ये तुरीनला वारला, वय 91. पंचेचाळीस वर्षांत जिवंतपणी घरी गेला नाही. शव गेलं, बुडापेस्टला, अफाट गर्दीत.

भाचीचा फोन आला तेव्हा मी काउंटीच्या क्षेत्रफळावर आलो होतो. "मामा, जेवलात का?" जेवण कसलं! ही आयोवातली सगळ्यांत मोठी काउंटी आहे, 974 चौरस मैल, इतर चौकोनांच्या जवळजवळ दुप्पट, आणि का, ते मला नुकतंच कळलं होतं. मुळात उत्तरेला वेगळी बँक्रॉफ्ट काउंटी होती, इतिहासकार जॉर्ज बँक्रॉफ्टच्या नावाची. तिथे वस्तीच होईना, म्हणून 1855 मध्ये ती कोसुथमध्ये विरघळवली. 1870 मध्ये पुन्हा तिथे काउंटी काढली, या वेळी यादवी युद्धातल्या सेनानीच्या नावाने, क्रॉकर. वर्षभरात राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली, कारण राज्यघटनेप्रमाणे नवी काउंटी 432 चौरस मैलांपेक्षा लहान चालत नव्हती आणि ही भरत नव्हती. चौरस मैल कमी पडले म्हणून जिल्हा बाद! बँक्रॉफ्टच्या नावाचं गाव तेवढं उरलंय. आज या एवढ्या मुलखात माणसं जेमतेम पंधरा हजार, त्यातली साडेपाच हजार अल्गोनात. आपल्याकडे एवढी एखाद्या बाजारपेठेच्या गावात मावतात.

जेवलो ते सँडविच हातात धरून गावातून चालताना. अल्गोनासारख्या गावात लुई सुलिव्हनची इमारत आहे, हो, शिकागोच्या गगनचुंबी इमारतींचा तोच सुलिव्हन, 1913 ची, विटांची, लहानशी. बँकेसाठी म्हणून आखलेली, आणि तिथे बँक कधी निघालीच नाही. मग युद्धकैद्यांच्या छावणीचं संग्रहालय. दुसऱ्या महायुद्धात, 1944 ते 46, अल्गोनाच्या बाहेर जर्मन युद्धकैद्यांची मोठी छावणी होती. हजारो कैदी येऊन गेले, शेतकऱ्यांची पोरं लढाईवर गेलेली, म्हणून मक्याची, भाज्यांची कामं या कैद्यांनी केली. त्यांच्यातल्या एदुआर्द काइब नावाच्या कैद्याने घरच्या आठवणीने येशूजन्माचा देखावा केला, साठांहून जास्त मूर्ती, अर्ध्या माणसाएवढ्या, तारेच्या सांगाड्यावर सिमेंट आणि प्लास्टर. 1945 च्या नाताळात पुरा झाला. तो देखावा कैदी गावाला देऊन गेले, आजही दर डिसेंबरात तो लोक बघायला येतात, तिकीट नाही. मी ऑक्टोबरात गेलो, म्हणून फोटोच पाहिले. पण मला त्या फोटोंसमोर उभं राहून दुसरंच सुचत होतं. एक कैदी तुरुंगात शेक्सपिअर वाचतो, शंभर वर्षांनी त्याच्या नावाच्या जिल्ह्यात दुसरा कैदी सिमेंटच्या मेंढ्या करतो.

परतताना मी भाचीला थोडं उत्तरेला गाडी घ्यायला लावली, युनियन स्लू नावाच्या पाणथळीकडे. 1938 पासून ते पाखरांचं अभयारण्य आहे. सपाटीची गोष्ट म्हटली होती ना, ती ही. दोन नद्यांची खोरी इथे एकमेकांना लागतात, ब्लू अर्थ उत्तरेला जाणारी, डे मॉइनची पूर्व शाखा दक्षिणेला. हिमनदीने ही जमीन अशी काही सपाट करून ठेवली आहे की मधल्या पाण्याला उतारच नव्हता. वारा ज्या दिशेने, पाणी त्या दिशेने! भाचीला हे ठाऊक होतं, "मग, आमच्या पोरांना आम्ही पहिल्याच वर्षी शिकवतो," म्हणाली. मी म्हटलं, मग मला सकाळीच का नाही सांगितलंस? ती म्हणाली, "मामा, तुम्ही झोपला होतात."

बंधाऱ्यावर उभे होतो तेवढ्यात तिने उत्तरेला हात केला, तिकडे लकोटा गाव आहे म्हणाली. मी नाव टिपून घेतलं आणि गाडीत बसता बसता फोनवर शोधलं. लकोटा! आधी त्याचं नाव जर्मेनिया होतं. पहिल्या महायुद्धात जर्मन नाव नकोसं झालं, तेव्हा बदललं. आणि दुसरं नाव कोणाचं शोधलं, तर ज्यांच्या भाऊबंदांना इथून हलवलं त्यांचं.

अंधार पडू लागला, 169 नंबरच्या रस्त्याने दक्षिणेला लागलो. मी बोलत होतो, भाची हूं हूं करत होती. कोसुथची हद्द संपली आणि दिव्याच्या झोतात पुढची हिरवी पाटी आली. सकाळी मी या पट्ट्यात घोरत होतो. हम्बोल्ट काउंटी. मी खिशातून वही काढली. अलेक्झांडर फॉन हम्बोल्ट?

"तोच," भाची म्हणाली, "आणि नाही, तोही इथे कधी आला नाही. मामा, गाडी थांबणार नाही."